तरवाडाचे दार : मल्याळम चित्रपट आणि प्रदेशाची कल्पना

'प्रादेशिक' ही संज्ञा मराठी समीक्षेत दोन वेगळ्या अर्थांनी रुळलेली आहे. कादंबरीच्या संदर्भात ती एखाद्या भूभागाच्या निसर्गाशी, बोलीशी आणि लोकरीतींशी एकजीव झालेल्या लेखनाचा निर्देश करते, श्री. ना. पेंडसे यांच्या कोकणातील कादंबऱ्यांना ती याच अर्थाने लावली गेली. चित्रपटाच्या संदर्भात मात्र तिचा अर्थ 'हिंदी नसलेला' एवढाच उरतो. मल्याळम चित्रपटाविषयी महाराष्ट्रात जे कौतुकाने बोलले जाते, त्यात हे दोन्ही अर्थ एकमेकांत मिसळलेले असतात. हा चित्रपट आपल्या मातीशी इमान राखून आहे, म्हणून तो हिंदी चित्रपटाच्या दडपणाखाली गेला नाही, असा या कौतुकाचा सर्वसाधारण आशय असतो. देशीवादाच्या चर्चेने या आशयाला तात्त्विक बळही पुरवले आहे. परंतु 'आपली माती' या शब्दप्रयोगातील 'आपली' या सर्वनामाचा कर्ता कोण, हा प्रश्न या कौतुकात बहुधा अनुत्तरित राहतो. मल्याळम चित्रपटाचा इतिहास या प्रश्नाभोवतीच घडलेला आहे आणि त्या चित्रपटाचे सामर्थ्यही त्याने हा प्रश्न जेथे टाळला नाही तेथेच दिसून येते.

ज्या प्रदेशाशी हा चित्रपट इमान राखतो असे म्हटले जाते, तो प्रदेश चित्रपटाच्या आधी सिद्ध स्वरूपात उभा नव्हता, ही गोष्ट प्रथम लक्षात घ्यावी लागते. त्रावणकोर, कोचीन आणि मलबार या तीन वेगवेगळ्या राजकीय इतिहासांच्या भूभागांतून केरळ राज्य अस्तित्वात आले ते १ नोव्हेंबर १९५६ रोजी. पहिला मल्याळम बोलपट 'बालन' (१९३८) सेलमच्या मॉडर्न थिएटर्सने निर्माण केला. पुढे आलप्पुळा येथे 'उदया' (१९४७) आणि तिरुवनंतपुरम येथे 'मेरीलँड' (१९५१) हे स्टुडिओ उभे राहिले, तरीही मल्याळम चित्रपटनिर्मितीचे प्रमुख केंद्र दीर्घकाळ मद्रास हेच होते. म्हणजे केरळची प्रतिमा बऱ्याच अंशी केरळच्या सीमेबाहेर तयार होत होती. चित्रपटाने प्रदेशाचे केवळ प्रतिबिंब दाखवले असे म्हणणे त्यामुळे अपुरे ठरते. तीन भूभागांना एकच चेहरा देण्याच्या सांस्कृतिक प्रक्रियेत तो सहभागी होता, आणि चेहरा निवडायचा म्हणजे अनेक चेहऱ्यांतून एकाची निवड करायची.

ही निवड समजून घेण्यासाठी 'तरवाड' या संकल्पनेचा आधार घेता येतो. तरवाड म्हणजे प्रामुख्याने नायर समाजातील मातृवंशीय एकत्र कुटुंबाचे घर. या शब्दाने वास्तू आणि वंश या दोहोंचाही बोध होतो. मरुमक्कत्तायम या वारसापद्धतीत मालमत्ता आईकडून मुलीच्या वंशाकडे जाई आणि तिचा कारभार 'कारणवर' म्हणजे कुटुंबातील ज्येष्ठ पुरुष, बहुधा मामा, पाही. १९२५ च्या त्रावणकोर नायर कायद्याने वाटणीचा मार्ग मोकळा झाला. १९७० पासून अंमलात आलेल्या जमीनसुधारणांनी या घरांचा आर्थिक पाया काढून घेतला आणि १९७५ च्या कायद्याने एकत्र हिंदू कुटुंबाची पद्धतच केरळमध्ये संपुष्टात आली. समाजव्यवस्था म्हणून तरवाड ज्या काळात लोपत होता, नेमक्या त्याच काळात चित्रप्रतिमा म्हणून तो केरळच्या संस्कृतीचा पर्याय बनत गेला. या विसंगतीचा उलगडा केल्याशिवाय मल्याळम चित्रपट आणि त्याचा प्रदेश यांचे नाते उकलत नाही.

२

मल्याळम चित्रपटाच्या आरंभीच या घराच्या उंबरठ्यावरील एक प्रसंग नोंदलेला आहे. जे. सी. डॅनियल यांचा 'विगतकुमारन' हा पहिला मल्याळम मूकपट. त्याचे प्रदर्शन १९२८ मध्ये झाले की १९३० मध्ये, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. या चित्रपटात पी. के. रोझी या दलित स्त्रीने नायर स्त्रीची भूमिका केली होती. दलित स्त्रीने सवर्ण स्त्रीचे रूप घ्यावे, हे तिरुवनंतपुरमच्या सवर्ण प्रेक्षकांना सहन झाले नाही. रोझीवर हल्ले झाले आणि अखेरीस तिला तो मुलूख सोडावा लागला. चित्रपटाची प्रत आज उपलब्ध नाही. डॅनियल यांना पुढे 'मल्याळम चित्रपटाचे जनक' म्हणून मान्यता मिळाली आणि राज्य शासनाने १९९२ पासून त्यांच्या नावाने पुरस्कारही सुरू केला. रोझीची आठवण मात्र त्याहूनही बऱ्याच उशिरा जागी झाली. कमल यांच्या 'सेल्युलॉइड' (२०१३) या चित्रपटाने ती सर्वसामान्य प्रेक्षकांपर्यंत नेली.

या घटनेकडे केवळ जातीय अत्याचाराचे एक उदाहरण म्हणून पाहिले जाते. ते योग्यच आहे. पण चित्रपटमाध्यमाच्या दृष्टीने तिचा आणखी एक अर्थ आहे. रंगभूमीवरील नट भूमिका 'करीत' असतो, हे प्रेक्षकाला सतत जाणवत राहते. चित्रप्रतिमेत नट आणि पात्र यांच्यातील अंतर मिटल्यासारखे वाटते. प्रेक्षकांचा क्षोभ या मिटलेल्या अंतरावर होता. पडद्यावरील घरात कोण वावरू शकते, याचा निर्णय त्या क्षोभाने दिला आणि तो दीर्घकाळ अबाधित राहिला.

पी. भास्करन आणि रामू कारियाट यांचा 'नीलक्कुयिल' (१९५४) हा या निर्णयाला आव्हान देणारा पहिला महत्त्वाचा चित्रपट मानला जातो. पहिल्या राष्ट्रीय पुरस्कारांत 'श्यामची आई'ला सुवर्णपदक मिळाले आणि त्यानंतरच्या पुरस्कारांत 'नीलक्कुयिल'ने रौप्यपदक मिळवले, हे मराठी वाचकांना आठवेल. उरूब यांची पटकथा, के. राघवन यांनी हिंदी चालींच्या अनुकरणाऐवजी लोकसंगीतातून आणि मापिळा गीतपरंपरेतून घेतलेल्या सुरावटी आणि अस्पृश्यतेचा उघड विषय, यांमुळे केरळीय प्रादेशिकतेचा आरंभ या चित्रपटापासून मानण्याची प्रथा आहे. श्रीधरन नायर हा शिक्षक नीली या दलित तरुणीवर प्रेम करतो. ती गरोदर राहताच समाजाच्या भीतीने तिला नाकारतो. नीली रेल्वेमार्गाजवळ मूल मागे ठेवून मरते, शंकरन नायर हा पोस्टमन ते वाढवतो आणि शेवटी श्रीधरन मुलाचा स्वीकार करतो. चित्रपटाचा मानवतावाद प्रामाणिक आहे. परंतु कथेच्या संरचनेकडे पाहता एक गोष्ट नजरेआड करता येत नाही. घरात प्रवेश मिळतो तो मुलाला. त्याची आई रुळांशेजारीच राहते. समेट घडून येण्यासाठी तिचे मरण आवश्यक ठरते. शिवाय नीलीची भूमिका दलित अभिनेत्रीने केलेली नाही, ती मिस कुमारी यांनी केली. सवर्ण स्त्रीच्या भूमिकेतील दलित अभिनेत्रीला ज्या पडद्याने हाकलले, त्याच पडद्याला दलित स्त्रीच्या भूमिकेतील अन्य समाजातील अभिनेत्री सहज चालली. सुधारणेचा विचार आणि प्रतिमेची व्यवस्था यांची वाटचाल एकाच गतीने होत नसते, हे येथे स्पष्ट होते.

कारियाट यांच्याच 'चेम्मीन'मध्ये (१९६५) प्रश्नाला वेगळे वळण मिळते. तकळी शिवशंकर पिळ्ळै यांच्या १९५६ च्या कादंबरीवरील या चित्रपटाला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले. दक्षिण भारतीय चित्रपटाला मिळालेले हे पहिले सुवर्णपदक. केरळच्या किनाऱ्याचे हे सर्वाधिक गाजलेले चित्र बहुभाषी हातांनी घडवले, ही बाब अर्थपूर्ण आहे. संगीत सलिल चौधरी यांचे, संकलन हृषीकेश मुखर्जी यांचे, छायाचित्रण मार्कस बार्टली यांचे आणि त्यातील एका अविस्मरणीय गीताचा स्वर मन्ना डे यांचा. प्रदेश 'प्रदेश' म्हणून दिसण्यासाठी बाहेरच्या नजरेचीही गरज असते, हे यावरून ध्यानात येते.

कोळ्याच्या बायकोने पातिव्रत्य पाळले नाही तर समुद्रमाता दर्यावर गेलेल्या नवऱ्याला गिळते, या समजुतीवर 'चेम्मीन'ची रचना उभी आहे. परंतु संहितेत दुसरीही एक कथा आहे आणि ती पैशाची आहे. करुत्तम्माचा बाप चेंबनकुंजू होडी आणि जाळी घेण्यासाठी परीकुट्टी या मुस्लिम व्यापाऱ्याकडून पैसा घेतो आणि तो फेडत नाही. परीकुट्टीचा विध्वंस या न फिटलेल्या कर्जातून सुरू होतो. तरीही चित्रपटाच्या अखेरीस न्यायनिवाडा करतो तो समुद्र. आर्थिक व्यवहारातील अपराध मिथकात विरघळून जातो आणि स्त्रीच्या शीलाचा प्रश्न तेवढा किनाऱ्यावर उरतो. प्रादेशिक कलाकृतीतील 'लोकश्रद्धा' या घटकाकडे समीक्षेने अधिक सावधपणे पाहायला हवे ते याच कारणाने. ती श्रद्धा प्रदेशाचे सत्य सांगत असते, त्याचप्रमाणे प्रदेशातील दुसरे एखादे सत्य झाकतही असते.

३

१९७० नंतर फिल्म सोसायटी चळवळीतून आणि पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून नवी दृष्टी घेऊन आलेल्या दिग्दर्शकांनी ही झाकलेली बाजू उघडण्याचा प्रयत्न केला. अडूर गोपालकृष्णन, जॉन अब्राहम, के. जी. जॉर्ज, शाजी करुण हे सारे पुण्याचे विद्यार्थी. १९६५ मध्ये तिरुवनंतपुरम येथे स्थापन झालेल्या 'चित्रलेखा' या फिल्म सोसायटीमागे अडूर यांचाच पुढाकार होता. मात्र या पर्वातील एक मूलगामी कृती साहित्यातून आलेल्या दिग्दर्शकाची आहे. एम. टी. वासुदेवन नायर यांचा 'निर्माल्यम' (१९७३) देवीचा संचार होणाऱ्या एका वेळिच्चप्पाडाची कथा सांगतो. देऊळ ओस पडले आहे. घरात दारिद्र्य आहे. मुलगा देवीची तलवार विकायला निघतो. मुलगी तरुण पुजाऱ्याकडून फसवली जाते आणि ज्याचे देणे थकले आहे त्या दुकानदाराशी पत्नीचा संबंध असल्याचे त्याला उत्सवाच्या दिवशीच कळते. संचाराच्या आवेगात तो स्वतःच्या कपाळावर तलवारीचे घाव घालीत देवीसमोर पोहोचतो, मूर्तीवर रक्ताची थुंकी टाकतो आणि कोसळतो. ही भूमिका करणारे पी. जे. अँटनी यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि चित्रपटही त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट ठरला.

या शेवटाचा अर्थ केवळ नास्तिक्याचा लावला तर तो अपुरा होतो. वेळिच्चप्पाडाची अवहेलना धार्मिक विधीच्या बाहेर घडत नाही. नृत्य, तलवार, रक्त ही सारी चिन्हे विधीचीच आहेत. बाहेरून आणलेल्या तत्त्वज्ञानाने परंपरेची चिकित्सा करणे आणि परंपरेच्या भाषेतच परंपरेला जाब विचारणे यांतील फरक येथे दिसतो. देशीयतेचा एखादा सर्जनशील अर्थ संभवत असेल, तर तो या दुसऱ्या प्रकारात आहे.

अडूर यांचा 'एलिपत्तायम' (१९८१) हाच जाब तरवाडाच्या आत जाऊन विचारतो. 'एलिपत्तायम' म्हणजे उंदरांचा पिंजरा. उण्णी हा त्या पडक्या वैभवाचा शेवटचा पुरुष. मिशी कातरणे, तेल चोळणे आणि वर्तमानपत्र वाचणे यांपलीकडे त्याचे कर्तृत्व नाही. वाटेतल्या चिखलाचे डबके ओलांडता येत नाही म्हणून तो लग्नाला जायचे सोडून परत फिरतो. राजम्मा ही बहीण घराचे सर्व कष्ट उपसते, धाकटी श्रीदेवी पळून जाते, लग्न झालेली जानम्मा वाटा मागते. मातृवंशीय पद्धतीत घर ज्या स्त्रियांच्या नावाने चालते, त्यांच्याच श्रमावर ते फुकट पोसले जाते, हे या रचनेतून कोणत्याही भाष्याविना व्यक्त होते. पिंजऱ्यात सापडलेला प्रत्येक उंदीर श्रीदेवी तळ्यात बुडवते. शेवटी लोक उण्णीला रात्री घरातून ओढून त्याच तळ्यात फेकतात आणि तो हात जोडून, कुडकुडत पाण्याबाहेर येतो. उंदराला मृत्यू मिळतो. उण्णीला तोही मिळत नाही. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटचे सदरलँड पारितोषिक १९८२ मध्ये या चित्रपटाला मिळाले. परदेशी समीक्षेने त्यात सरंजामशाहीच्या अस्ताचे वैश्विक रूपक पाहिले. केरळच्या संदर्भात मात्र त्याचे महत्त्व अधिक नेमके आहे. तरवाडाविषयीच्या हळव्या स्मृतीला त्याने आधारच ठेवला नाही.

तरीही एक मर्यादा नोंदवणे आवश्यक आहे. 'निर्माल्यम' आणि 'एलिपत्तायम' या दोन्ही कृतींत घराचे परीक्षण घरातील माणसांच्याच जाणिवेतून होते. या घराच्या शेतात राबणारे, त्याच्या उंबरठ्यापासून ठरावीक अंतरावर थांबणारे लोक येथे परिघावरच राहतात. तरवाड आतून कोसळतो. बाहेरून तो कसा दिसत होता, हे कळत नाही.

४

या चिकित्सेनंतर तरवाड पडद्यावरून नाहीसा व्हायला हवा होता. घडले उलटेच. १९९० नंतरच्या लोकप्रिय चित्रपटात तो अधिक भव्य होऊन परतला. रंजित यांनी लिहिलेला आणि आय. व्ही. शशी यांनी दिग्दर्शित केलेला 'देवासुरम' (१९९३) हे याचे ठळक उदाहरण. ओट्टप्पालमजवळच्या वरिक्काशेरी मनेत चित्रित झालेल्या या चित्रपटातील मंगलश्शेरी नीलकंठन हा उधळ्या, उद्दाम जमीनदारपुत्र. उण्णीचेच हे दुसरे रूप. फरक इतकाच की उण्णीची निष्क्रियता येथे रुबाब बनते. आपण त्या वंशाचे औरस पुत्र नाही, हे नीलकंठनला मध्येच कळते. वंशाच्या शुद्धतेची कल्पनाच मोडून काढण्याची ही संधी होती. परंतु चित्रपट तिचा उपयोग नायकाचे दुःख गडद करण्यापुरता करतो आणि घराची प्रतिष्ठा पूर्ववत ठेवतो. शाजी कैलास यांच्या 'आराम तम्पुरान'मध्ये (१९९७) मुंबईत गुंडगिरीतून वर आलेला नायक गावातील कोविलकम, म्हणजे राजघराण्याचा वाडा, हस्तगत करून तेथे तम्पुरान म्हणून मिरवतो. कायद्याने जी सत्ता काढून घेतली होती, ती महानगरी पैशाच्या जोरावर कल्पनेत परत मिळवली जाते.

या पुनरागमनाबरोबर भाषेचाही प्रश्न निगडित आहे. भारतप्पुळा नदीकाठच्या वळ्ळुवनाड या भागातील सवर्ण बोली, प्रामुख्याने एम. टी. यांच्या पटकथांच्या प्रभावामुळे, भावगर्भ मल्याळम संवादाचे प्रमाणरूप ठरली. अन्य बोलींच्या वाट्याला, विशेषतः तिरुवनंतपुरमकडील लहेजाच्या वाट्याला, विनोद आला. प्रमाणभाषा शासन आणि शाळा घडवतात हे सर्वमान्य आहे. बोलीतही प्रमाणबोली घडवली जाते आणि तिला 'अस्सल'पणाचा मान मिळतो, ही बाब साहित्यसमीक्षेनेही विचारात घेण्याजोगी आहे. एका नदीचा काठ, एका जातिसमूहाचे घर आणि एका भागाची बोली यांच्या संयोगातून जे सिद्ध झाले, त्याला 'केरळची संस्कृती' हे नाव मिळाले.

५

गेल्या दशकातील मल्याळम चित्रपटाचे जे कौतुक देशभर झाले, त्याचा अर्थ या पार्श्वभूमीवर लावायला हवा. 'महेशिन्टे प्रतिकारम'मधील (२०१६) इडुक्की, 'सुडानी फ्रॉम नायजेरिया'मधील (२०१८) मलप्पुरम, 'ई. म. यौ.'मधील (२०१८) चेल्लानमचा ख्रिस्ती किनारा, 'तिंकलाळ्च निश्चयम'मधील (२०२१) कान्हनगाड यांनी वळ्ळुवनाडची मक्तेदारी मोडली, हे खरे आहे. परंतु केवळ नकाशावरील ठिकाणे वाढणे म्हणजे दृष्टी बदलणे नव्हे. दृष्टीतील बदलाची खूण घराच्या चित्रणातच सापडते.

राजीव रवी यांचा 'कम्मट्टिप्पाडम' (२०१६) ज्यांची घरे राहिलीच नाहीत, त्यांची कथा सांगतो. एर्नाकुलम शहराच्या वाढीत दलितांची वस्ती गिळली जाते आणि बिल्डरांच्या वतीने ती रिकामी करवून घेण्याचे काम बालन आणि गंगा या त्याच वस्तीतील तरुणांकडून होते. या कथेचा निवेदक कृष्णन मुंबईत सुरक्षारक्षक आहे. गंगाचा फोन आल्यावर तो परततो. 'आराम तम्पुरान'चा नायकही मुंबईहूनच आला होता. तो वाडा मिळवण्यासाठी येतो. कृष्णन हरवलेला मित्र शोधण्यासाठी येतो आणि त्याला इमारतींखाली गाडलेली जमीन भेटते. दोन चित्रपटांतील एकोणीस वर्षांत दृष्टी किती पालटली, हे या साम्यभेदातून कळते. मात्र गंगाची कथा येथेही कृष्णन या दलितेतर मित्राच्या स्मृतीतूनच सांगितली जाते, ही मर्यादा उरतेच.

मधु सी. नारायणन यांच्या 'कुंबळंगी नाईट्स'मध्ये (२०१९) दोन घरे समोरासमोर ठेवलेली आहेत. एक चार भावांचे, अपुरे, दार नसलेले; गावाने कचरा आणि मांजरे टाकावीत अशा जागेवरचे. दुसरे शम्मीचे, नीटनेटके आणि पुरुषी शिस्तीचे. पहिल्या घरात नवजात मुलाला घेऊन आलेली सती येते, परदेशी नायला येते, शेवटी बेबीही येते. घर या माणसांनी घडत जाते. दुसऱ्या घरातील शिस्तीचे रूपांतर उघड हिंसेत होते. तरवाडाची संकल्पना रक्ताच्या वंशावर उभी होती. येथे घराची व्याख्याच स्वीकारावर येऊन ठेपते. जिओ बेबी यांचा 'द ग्रेट इंडियन किचन' (२०२१) त्याच्या उलट दिशेने, सुस्थित पारंपरिक घराच्या स्वयंपाकघरात शिरतो. गळणारे सिंक, उष्टी पाने, पुन्हा पुन्हा तोच ओटा या आवर्तनांतून राजम्माचे मूक श्रम चाळीस वर्षांनी पुन्हा पडद्यावर येतात. परंतु राजम्मा आजारी पडेपर्यंत राबते आणि येथील नायिका सिंकखालचे घाण पाणी नवऱ्याच्या व सासऱ्याच्या अंगावर टाकून बाहेर पडते. पार्श्वभूमीला २०१८ च्या शबरीमला निकालानंतरचे वातावरण आहे. त्यामुळे स्वयंपाकघरातील विटाळ आणि सार्वजनिक जीवनातील विटाळ एकाच सूत्रात गुंफले जातात.

पडद्यावरील हा बदल पडद्यामागे झाला आहे, असा निष्कर्ष मात्र काढता येत नाही. या व्यवसायातील स्त्रियांच्या स्थितीविषयीचा न्यायमूर्ती हेमा समितीचा अहवाल ऑगस्ट २०२४ मध्ये प्रसिद्ध झाला आणि त्यातील शोषणाच्या नोंदींनी प्रगत केरळ या प्रतिमेला धक्का दिला. रोझीच्या वाट्याला आलेला निर्णय आजही पूर्णपणे रद्द झालेला नाही.

या वाटचालीतून प्रादेशिकतेच्या संकल्पनेविषयी एक सैद्धांतिक निष्कर्ष हाती लागतो. प्रदेश हा कलाकृतीला आयता मिळणारा आशय नसतो. त्यातील जमीन, बोली, घर, विधी यांवर कोणाचा अधिकार चालतो, या संघर्षाचे ते क्षेत्र असते. मातीशी इमान राखणाऱ्या कृतीची परीक्षा त्यामुळे वर्णनाच्या अस्सलपणावर करता येत नाही. 'देवासुरम'मधील घर तपशिलाने 'एलिपत्तायम'मधील घराइतकेच अस्सल आहे. दोघांत फरक आहे तो त्या घराला विचारलेल्या प्रश्नाचा. मल्याळम चित्रपटाच्या प्रादेशिकतेचा हेवा करणाऱ्या मराठी समीक्षेने त्यातील नारळीची झाडे आणि बोलीचा गोडवा यांच्यापाशी न थांबता या प्रश्नापर्यंत जायला हवे. तसे झाल्यास कोकणातील वाडा, देशावरील गढी आणि गावकुसाबाहेरचे घर यांच्या मराठी चित्रणाकडेही अधिक कठोर नजरेने पाहणे शक्य होईल.